अकरा पावलांचं अंतर

माझ्या आईची आजही खात्री आहे, की मी नॉर्वेत जमिनीची मोजणी करायचो. तिचा दोष नाही. कामाला लागल्यावर पहिल्यांदा घरी आलो तेव्हा माझ्या कमरेला पन्नास फुटी टेप लटकत होती. आमच्या जामखेड भागात टेप घेऊन येणारा माणूस एकच, मोजणीवाला. आणि तो येऊन गेला की शेजारची दोन घरं वर्षभर एकमेकांशी बोलत नाहीत. आईने टेपकडे पाहिलं आणि आवाज खाली आणून विचारलं, "कुणाच्या बांधावर आलाय रं?"

मी म्हणालो, "आई, मी सिनेमात असतो. नटी कॅमेऱ्यापासून किती लांब उभीय ते मोजतो."

तिने जरा विचार केला. "आन तिचं तिला कळत न्हाई का?"

या प्रश्नाचं उत्तर देण्यात माझी बावीस वर्षं गेली. त्यातली नऊ नॉर्वेत. संपादक म्हणाले, परदेशातल्या सिनेमाचे अनुभव लिहा, वाचकांना नवीन वाटेल. लिहितो. पण नटनट्यांच्या भानगडी वाचायच्या असतील तर हे पान सरळ उलटा, मला राग येणार नाही. नट माझ्यापासून सहा फुटांवर उभा असायचा आणि मला त्याच्याबद्दल एवढंच ठाऊक असायचं, की तो सहा फुटांवर आहे. आता गुडघे बोलतात, डाव्या डोळ्यात मोतीबिंदू उतरतोय. जे सांगायचं ते एकदा सांगून मोकळं व्हावं, एवढीच इच्छा आहे.

काम काय ते आधी सांगतो. हा अंक हातात धरून तुम्ही वाचताय. अक्षरं स्पष्ट दिसताहेत, पण पलीकडचा दरवाजा धुरकट आहे. आता दरवाजाकडे पाहा. दरवाजा स्पष्ट झाला, अक्षरं गेली. हे तुमचा डोळा आपोआप करतो. कॅमेऱ्याचा डोळा आपोआप करत नाही, त्याच्यासाठी एक माणूस ठेवावा लागतो. नट चालत येतो, वळतो, खुर्चीत बसतो, तसतसा तो माणूस भिंगाला जोडलेली चकती बोटाबोटाने फिरवत राहतो. तो मी. फोकस पुलर म्हणतात. चूक किती चालते? अंधुक उजेडात चेहरा जवळून घेत असाल तर दोन-तीन इंच. नट मान पुढे काढून शिंकला की माझं काम बोंबललं.

फिल्मवर काम करायचो तेव्हा आणखी एक गोष्ट होती. शॉट नीट आला की धुरकट, हे त्या क्षणी कुणालाच दिसायचं नाही. फिल्म डब्यात बंद होऊन लॅबला जायची, चार-सहा दिवसांनी कळायचं. मधल्या काळात खरं काय ते फक्त फोकसवाल्याच्या बोटांना ठाऊक. म्हणून या धंद्यात एक नियम आहे, जगभर एकच. शॉट संपला आणि आपल्याकडून चुकलं असं वाटलं, की तिथल्या तिथे, सगळ्यांसमोर, मोठ्याने म्हणायचं, "सॉफ्ट." म्हणजे धुरकट गेला, परत घ्या. शिव्या मिळतात. हिरो चिडतो. पण म्हणायचं. ज्याला हे म्हणता येत नाही त्याने टेप खाली ठेवावी.

हे मला पुण्यातल्या उस्तादांनी, एका जुन्या फोकसवाल्याने शिकवलं. त्यांनी आणखी एक शिकवलं होतं. कॅमेरे भाड्याने देणाऱ्या दुकानात मी अटेंडंट होतो, म्हणजे पेट्या उचलायचो. आमच्या वस्तीवरचा मी पहिला पदवीधर, भौतिकशास्त्र घेऊन नगरच्या कॉलेजातून बी. एस्सी. झालेला, आणि उचलतो काय तर पेट्या. आई-बाप दोघं ऊसतोडीला जायचे; त्यांनी मला पेट्या उचलायला शिकवलं नव्हतं, एवढं मला कळत होतं. म्हणून मी शिकत राहिलो. उस्ताद म्हणायचे, "दत्ता, चालू शॉटमध्ये कान बंद ठेवायचे. डायलॉग ऐकायला गेलास, अर्थ कळला, की तू प्रेक्षक झालास. प्रेक्षकाचा हात थांबतो."

तेव्हा वाटलं, म्हातारा उगाच तत्त्वज्ञान पाजळतोय.

अंतराचा अंदाज मात्र माझ्या घरचाच होता. लहानपणी टायरगाडीत, उसाच्या मोळ्यांवर बसून कारखान्याला जाताना बाप विचारायचा, "पुढली गाडी किती कासरं लांब हाय?" मी कासऱ्यात, म्हणजे बैलाच्या दोरीच्या मापात सांगायचो, तो मोजून बघायचा. मला झोप लागून मी खाली पडू नये म्हणून केलेला खेळ होता तो. त्याच खेळाच्या जोरावर मी नॉर्वेत पोचलो.

झालं असं, की अकोले तालुक्यात भंडारदऱ्याच्या पाण्यावर एका नॉर्वेच्या सिनेमाचं चार दिवसांचं शूटिंग होतं. कॅमेरा आमच्या दुकानाचा, म्हणून सोबत मी. कॅमेरामन हालवोर, उंच, पडेल खांद्यांचा, दिवसातून दहा वाक्यं बोलणारा माणूस. त्याने सोबत आणलेला फोकसवाला दुसऱ्याच दिवशी पोट धरून आडवा झाला. पाण्यावर होडी, होडीत नटी, आणि पाण्यावर टेप लावता येत नाही. हालवोरने माझ्याकडे पाहून विचारलं, "किती असेल?" मी म्हणालो, "पस्तीस फूट." त्याने होडीला दोरी बांधायला लावली, ओढून घेतली, दोरी मोजली. साडेपस्तीस भरली.  त्याने आपली खुर्ची जरा सरकवून मला कॅमेऱ्याजवळ जागा करून दिली.

वर्षभराने पत्र आलं, ये.

नॉर्वेच्या थंडीबद्दल सगळेच विचारतात, तर सांगून टाकतो. उत्तरेला एका गावात आम्ही महिनाभर होतो. भिंगाच्या आतलं ग्रीस गोठायचं, चकती फिरायची नाही. रात्रभर तापवलेल्या पिशव्या भिंगाला बांधून ठेवायचो. टेप पत्र्याची, उघड्या बोटाने धरली की कातडी चिकटून निघायची. बॅटऱ्या मी काखेत ठेवायचो. आईला फोनवर सांगितलं तर म्हणाली, "तिकडं ऊस हाय का?"

"न्हाई."

"मग लोक करत्यात काय?"

फोकस पुलर म्हणून तिथे माझं नाव झालं, ते थंडी सोसली म्हणून नव्हे. एका सिनेमात म्हातारा बाप मरायला टेकलेला आणि मुलगी त्याच्या उशाशी बसून बोलतेय, असा सहा मिनिटांचा एकच शॉट होता. ती बोलता बोलता उठायची, खिडकीशी जायची, परत यायची, वाकायची. सेटवरचे सगळे रडत होते. आवाज धरणारा तर हुंदका दाबायला तोंडात हातमोजा कोंबून उभा. माझा एक इंच चुकला नाही. शूटिंग संपल्यावर त्या नटीने मला इंग्रजीत विचारलं, "तुला माझा कुठला प्रसंग सगळ्यात आवडला?" मी खरं ते सांगितलं, "तुम्ही तीन मीटरवरून एक मीटर वीसवर येता तो." ती हसत हसत खालीच बसली.

गुपित साधं होतं. मला नॉर्वेची भाषा येत नव्हती. दुकानात दूध-पाव मागण्यापुरती शिकलो, पुढे मुद्दामच शिकलो नाही. माझ्यासाठी तिथला बाप मरत नव्हता, मुलगी तुटत नव्हती. दोन डोळे पुढे-मागे होत होते, एवढंच. नऊ वर्षं मी अशी काढली. उस्तादांचा नियम पाळायला मला काही करावंच लागलं नाही. हालवोर लोकांना सांगायचा, "दत्ता चुकत नाही." मलाही ते खरं वाटायला लागलं होतं. माझी बायको मात्र एकदा म्हणाली, "तुम्ही माझ्याकडं बघता तेव्हा मी किती फुटांवर हाय तेच बघता." मी तेव्हा हसण्यावारी नेलं.

मग हालवोर एक सिनेमा घेऊन आमच्याच जिल्ह्यात आला, तोही फिल्मवरच काढायचा. दिग्दर्शक मारित नावाची बाई. गोष्ट ऊसतोडीच्या बायकांची. नट होते, पण तीन-चार खऱ्या बायकाही त्यात स्वतःचं स्वतः बोलणार होत्या. जागा प्रवरेच्या पाटाखालची, जिथे आमचे लोक दिवाळीनंतर पाचटाच्या झोपड्या, कोप्या टाकून राहतात. माझं अर्धं बालपण असल्याच कोपीत गेलेलं. बाकीच्यांना हे शूटिंगचं ठिकाण होतं. मला कुठल्या बाजूने वारा येतो आणि चूल कुठे मांडायची, तेही ठाऊक होतं. कॅमेऱ्यामागे उभा राहिलो तर ऊसतोडीच्या टोळीतली माणसं म्हणायची, "आपलाच गडी हाय, पर सायबासंगं हाय." छाती फुगली होती माझी, खोटं कशाला बोलू.

त्या बायकांपैकी एक कौसामावशी. साठीच्या पुढची. कोयता सुटला होता. आता सुनेबरोबर येऊन कोपीवर नातवंडं राखायची. मी टेपचं टोक तिच्या डोळ्याशी नेलं तशी ती मागे सरकली.

"रस्त्यावाला हायेस का रं तू?"

"न्हाई मावशी. फोटो सरळ यावा म्हणून मोजतोय."

"आसं. मला वाटलं, रस्त्याची मोजणी आली."

मग तिने मलाच विचारलं, "हे जे मी बोलीन, ते त्या डब्यात ऱ्हातंय का? का सांगितलं आन गेलं?"

"राहतं मावशी. आपण गेलो तरी राहतं."

"मग बोलते," ती म्हणाली. तिने नेमकं एवढ्यासाठीच बोलायचं कबूल केलं होतं, हे मला दहा मिनिटांनी कळलं.

शॉट सुरू झाला. ती कोपीच्या दारात बसलेली, मी साडेपाच फुटांवर. मारितने सांगितलं होतं, तिला वाटेल ते तिने बोलावं, थांबवायचं नाही. ती आधी इकडचं तिकडचं बोलली, मुकादमाला दोन टोले दिले, टोळी हसली. आणि मग त्याच आवाजात म्हणाली, की पहिली पोर तिला इथेच झाली. उसाच्या फडात. एक दिवस जगली. बाप्ये कारखान्यावर गाडी खाली करायला गेलेले, म्हणून तिने स्वतःच उचलून नेली. पाटाच्या फाट्याला, चारीला, पाणी सोडायचं लोखंडी दार आहे, तिथून रस्त्याच्या कडेने अकरा पावलं, मावळतीकडे. वर दगड ठेवला होता, तो पुढच्या सालाला नव्हता. पण अकरा पावलं तिच्या ध्यानात आहेत. आता तो रस्ता मोठा व्हायचाय म्हणतात. कुणाला तरी ठाऊक पाहिजे, की तिथे एक माणूस आहे.

हे सांगताना ती हळूहळू पुढे वाकत आली. साडेपाच, पाच, साडेचार. माझ्या बोटांनी चकती फिरवायची होती. फिरवली नाही. मला तिचे डोळे दिसत नव्हते. मला चारीचं दार दिसत होतं. तसल्याच दारावर बसून मी लहानपणी पाय बुडवायचो. माझी आई तसल्याच फडात आठव्या महिन्यापर्यंत मोळ्या उचलायची. जन्मात पहिल्यांदा मी शॉट चालू असताना प्रत्येक शब्द ऐकला, आणि प्रत्येक शब्द मला कळला.

मारितने कट म्हटलं. हालवोरने डोळा कॅमेऱ्यावरून काढला आणि नेहमीचं विचारलं, "फोकस?"

मला ठाऊक होतं. फोकस अजून साडेपाच फुटांवरच होता. म्हणजे ती पुढे वाकली तशी धुरात गेली असणार, आणि मागचा पाचटाचा कूड काडी न् काडी स्पष्ट आला असणार. "सॉफ्ट" हा शब्द बावीस वर्षांत मी किती वेळा उच्चारलाय. त्या दिवशी म्हणालो, "ठीक."

का म्हणालो, हे मी स्वतःला अनेकदा विचारलंय. म्हातारीला परत तेच सांगायला लावायचं जिवावर आलं, हे पहिलं कारण, आणि ते खरं आहे. दुसरंही खरं आहे. सगळी टोळी बघत होती. आपला गडी. चुकत नाही असा. परक्या मुलखात नऊ वर्षं चुकलो नाही, आणि आपल्या माणसांसमोर चुकलो म्हणून कसं सांगू? दोन्हीपैकी कुठलं कारण जड होतं, ते आजही मला मोजता येत नाही.

कौसामावशीने उठता उठता विचारलं, "गेलं का डब्यात?"

"गेलं," मी म्हणालो.

तीन आठवड्यांनी, नॉर्वेत फिल्म धुऊन झाल्यावर, हालवोरचा फोन आला. शॉट मधूनच धुरकट आहे, मारितने काढून टाकला. 

"तुला कळलं होतं," तो म्हणाला.

"हो."

"मग बोलला का नाहीस?"

"तिला परत सांगायला लावायचं नव्हतं."

 मग तो म्हणाला, "परत सांगायचं की नाही, ते तिने ठरवायचं होतं, दत्ता. तू नाही."

ओरडला असता तर बरं झालं असतं. त्याने पुढच्या कामालाही बोलावलं, हे त्याचं मोठेपण. मी गेलो नाही. डोळ्याचं कारण सांगितलं. तेव्हा डोळा ठणठणीत होता.

त्यानंतर नगरला दोन वर्षं भिंगं साफ करण्याची, दुरुस्तीची बारीकसारीक कामं केली. आता फोकसला यंत्रं आली आहेत. एक लाल किरण टाकतात, अंतर आकड्यात दिसतं. यंत्राला कान नसतात. चांगलंच आहे.

सिनेमा तयार होऊन मोबाईलवर आल्याचं कौसामावशीला तिच्या सुनेकडून कळलं. सुनेने फोन केला, "मामा, आत्याबाई इचारत्यात, तुमी कवा दाखवणार?" मी लॅपटॉप घेऊन जामखेडजवळच्या त्यांच्या वस्तीवर गेलो. दुपारी दार लोटून, अंधार करून सगळा सिनेमा बघितला. कौसामावशी त्यात आहे. नातवाला अंघोळ घालताना, मोजून सहा सेकंद. शेजारणी म्हणाल्या, "अगं बया, कौसे, नटी झालीस की!" ती हसली नाही. शेवटची नावं सरकून गेली तरी पडद्याकडे बघत बसली.

शेजारणी पांगल्यावर म्हणाली, "माजं बोलनं कुटंय?"

मी म्हणालो, "मावशी, ते माझ्यामुळं गेलं. माझा हात थांबला. शॉट धुरकट आला, म्हणून त्यांनी काढला. मला तेव्हाच कळलं होतं."

"तवाच?"

"तवाच."

तिने पदर सारखा केला. "मंग तवाच का न्हाई बोललास? म्या परत सांगितलं असतं की. रोज सांगती मनाशी. तुझ्यापुढं आनखी एकडाव सांगाया मला काय धाड भरली हुती?"

"तुम्हाला तरास होईल वाटलं."

"माझ्या तरासाचा तुला लई कळवळा," ती म्हणाली. "पर मी सांगितलं कशापायी, ते न्हाई कळलं." आणि उठून चुलीकडे गेली. मला वाटलं, आता निघावं. तिने चहाचा कप आणून समोर आदळला.

"टेप हाय का अजून तुझ्याकडं?"

"आहे."

"मंग सकाळी चल."

दुसऱ्या दिवशी माझ्या गाडीतून आम्ही दोघं निघालो. जामखेड सोडलं, नगर मागे टाकलं. पाटाचा भाग लागला तशी ती काचेला नाक लावून बसली. ऊस, केळी, नवे बंगले. "इथं बाभळी हुत्या," एवढंच एकदा म्हणाली. चारीचं लोखंडी दार तिने लांबूनच ओळखलं. गंजलेलं, पण जागेवर होतं. रस्त्याच्या कडेला रुंदीकरणाचे पांढरे दगड पुरून झाले होते, लाल आकडे घातलेले. दार त्या दगडांच्या आतच येत होतं, म्हणजे रस्त्यात जाणार होतं.

ती दाराला हात लावून उभी राहिली. मी म्हणालो, "मावशी, एक सांगू? तेव्हा तुम्ही वीस वर्षांच्या होता. पाऊल मोठं पडलं असेल. आताचं पाऊल लहान. अकरा पावलांत दोन-तीन हातांचा फरक पडेल."

तिने माझ्याकडे असं पाहिलं, की माझी सगळी बी. एस्सी. गळून पडली.

"दत्ता, म्या एका दिसाची बाळंतीन हुते," ती म्हणाली. "हातात ती हुती. तवा बी आशीच चालले हुते."

आणि चालली. एक हात कमरेवर, पाय घासत, तोंडाने मोजत. अकराव्या पावलाला थांबली. तिथे काही नव्हतं. गाजरगवत, गुटख्याची पुडी, बारीक खडी. तिने जागेवरूनच वाकून पुडी उचलली, लांब फेकली आणि ती पाऊल न हलवता तशीच उभी राहिली. मी टेपचं टोक दाराच्या खांबाला अडकवलं, जसं कॅमेऱ्याच्या हुकाला अडकवतो, आणि तिच्या पावलापर्यंत नेलं. दोनदा मोजलं. नंतर माझ्या नजरेच्या अंदाजाशी जुळतं का म्हणून तिसऱ्यांदा.

"किती?"

"चौदा फूट नऊ इंच."

"पक्कं?"

"पक्कं, मावशी."

"लिव्ह मंग," ती म्हणाली. "आन जिथं लोक वाचत्यात तिथं लिव्ह. तुझ्या डब्यात नको."

पाटाखालची चौथी चारी. लोखंडी दाराच्या डाव्या खांबापासून, रस्त्याच्या कडेने, मावळतीकडे. चौदा फूट नऊ इंच.